पाहुणे येणार म्हणून रंगवलेली भिंत

मी सिनेमात काम करते म्हटलं की आमच्या गल्लीतल्या बाया आधी माझ्या तोंडाकडं बघतात, मग हाताकडं, आणि मग विचारतात, "म्हणजे नेमकं काय करता?" तोंडाला रंग नाही आणि हाताला मात्र कोपरापर्यंत आहे, याचा त्यांना मेळ लागत नाही. मी सांगते, पडद्यावर नट उभा असतो ना, त्याच्या मागं जे जे दिसतं ते माझं काम. भिंत, खिडकी, खाट, खाटेवरची गोधडी, गोधडीचं उसवलेलं टोक. एकीनं बराच विचार करून म्हटलं होतं, "म्हणजे नटाला काढून टाकलं की उरतं ते तुमचं." प्रॉडक्शन डिझायनर या शब्दाचा इतका नीट अर्थ मला मुंबईत इतक्या वर्षांत कुणी सांगितला नाही.

मी कुठल्या संस्थेत शिकले नाही. मी मांडवात शिकले. अण्णांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा, औरंगाबादला गुलमंडीच्या मागं मंडप डेकोरेशनचा धंदा होता. शाळेतून आले की गोदामात झालरींच्या ढिगावर बसून मी अभ्यास करायचे, आणि सुट्टी लागली की अण्णांबरोबर टेम्पोत. कन्नड, पिशोर, करमाड, जिथं लग्न असेल तिथं. सकाळी रिकाम्या अंगणात उतरायचं, दुपारपर्यंत बांबू, कनाती आणि सुतळीतून महाल उभा करायचा, आणि दुसऱ्या दिवशी तो महाल टेम्पोत कोंबून परत यायचं. आता मला सांगा, सिनेमाचा सेट म्हणजे याहून वेगळं काय डोंबल असतं?

अण्णांचा नियम एकच होता. मांडव सोडला की बांबूची भोकं बुजवून निघायचं. माती घालायची, पाणी शिंपडायचं, टाचेनं दाबायचं, मग वर हात फिरवून बघायचा. "लोकांनी आपल्याला अंगण वापरायला दिलंय, खड्डे पाडायला नाही," हे त्यांचं वाक्य. एकदा करमाडहून निघून आम्ही शेंद्र्यापर्यंत आलो होतो, आणि अण्णांना आठवलं की गोठ्याजवळचं एक भोक राहिलं. टेम्पो परत फिरवला. एका भोकासाठी. मी कुरकुर केली तर म्हणाले, "त्यात त्यांच्या म्हातारीचा पाय गेला तर दवाखान्यात तू बसणारेस का?" परत गेल्यावर ते भोक मीच बुजवलं.

पुढं मुंबईला गेले, कला विभागात हरकाम्या म्हणून लागले. पहिल्याच मोठ्या कामावर आमच्या साहेबानं मी उभी केलेली ओसरी बघितली आणि सगळ्यांसमोर म्हणाला, "हा सेट आहे का लग्नाचा मांडव?" लोक हसले. तेव्हापासून माझं नाव मांडववाली पडलं. दुसरी कुणी असती तर रडली असती. मी म्हटलं, "साहेब, मांडव वादळात उभा राहतो. तुमची प्लायची भिंत काल पंख्याच्या वाऱ्यानं आडवी झाली." त्या सिनेमातून मला काढलं. पुढच्या सिनेमात दुप्पट मानानं घेतलं, कारण तेवढ्यात पाऊस झाला होता आणि माझी ओसरी उभी होती.

अशी बरीच वर्षं काढली. चाळी बांधल्या, कोर्ट बांधली, तुरुंग बांधले. सगळ्यात जास्त बांधली ती गावं. मुंबईच्या सिनेमाला गाव लई लागतं. आणि ते गाव कसं, तर काळवंडलेलं. नव्या भिंतीला पॉलिश पेपरनं घासायचं, वर कोळशाची पूड तेलात कालवून फासायची, उकळलेल्या चहाचं पाणी मारायचं, कोपऱ्यात जाळं लावायचं. याला म्हणतात ऑथेंटिक. हा शब्द मी इतक्यांदा ऐकलाय की झोपेत कुणी म्हटला तरी माझा हात कोळशाकडं जाईल. त्या कामात माझा हात धरणारा कुणी नव्हता, हेही सांगून टाकते. एका सकाळीत मी कुठल्याही भिंतीला पन्नास वर्षांची करून देत असे आणि त्याचा मला गर्व होता.

मग अण्णांचे गुडघे गेले, मांडवाचा धंदा लॉनवाल्यांनी खाल्ला, आणि मी परत आले. आल्यावर मी जाहीर केलं की आता सिनेमा मी काढणार, इथून काढणार, आणि त्याची मांडणीही मीच करणार. मुंबईतले मित्र म्हणाले, औरंगाबादहून नट येतात, सिनेमे येत नाहीत. इथले नातेवाईक म्हणाले, बाईमाणूस, वय काय, चाललंय काय. मी दोन्हीकडच्यांना सांगितलं, बघाच.

गोष्ट माझीच होती. एका घरात राहणाऱ्या दोन जावा, बारा वर्षं एकमेकींशी अबोला, मधे एक भिंत, आणि तीही दोघींची. एवढीच. एक मुंबईचा दिग्दर्शक मिळाला, नाव असलेला. त्याच्या नावावर पैसे लावणारा शेठही मिळाला. निर्माती मी. घर शोधायला मी तालुका पालथा घातला आणि पिशोरला ते सापडलं. साधं, वापरातलं, पत्र्याचं घर. पण मधल्या खोलीतली भिंत बघून मी जागच्या जागी उभी राहिले. निळीच्या चुन्यावर गुलाबी, गुलाबीवर पिवळा, सगळ्यांचे पोपडे. बसणाऱ्यांची डोकी टेकून टेकून पडलेला तेलाचा पट्टा. दाराच्या चौकटीशी पोरांच्या उंचीच्या खुणा. फोटो पाठवला तर दिग्दर्शकाचा लगेच फोन. म्हणाला, ही भिंतच माझा सिनेमा आहे. आणि पुढं हेही म्हणाला की ही भिंत हातातून गेली तर आपण मुंबईत स्टुडिओत सेट लावू, माझा डिझायनर येईल, तुम्ही निर्मात्या म्हणून नाव लावा आणि आराम करा.

म्हणजे घोडं कुठं अडलं होतं ते बघा. ती भिंत असली तर सिनेमा इथं होणार आणि माझ्या हातानं होणार. नसली तर मी पोस्टरवरच्या नावापुरती.

त्या घरच्या काकू साठीच्या आतबाहेरच्या, नऊवारी नेसणाऱ्या, कमी बोलणाऱ्या. नवरा आल्याचं आणि मक्याचं पीक घेणारा, त्याहून कमी बोलणारा. शूटिंगला घर द्यायला दोघंही तयार झाले. काकूंनी एवढंच विचारलं, "माणसं किती येतील?" मी म्हटलं, सत्तर. त्या म्हणाल्या, "सत्तर पाव्हणे." मी म्हटलं, "काकू, तुम्ही काही करायचं नाही. घर आहे तसं राहू द्या." त्यांनी मान हलवली. मी खूश होऊन निघाले. मांडववाल्याची पोरगी मी, शेकडो लग्नघरं बघितलेली, आणि सत्तर पाहुणे येणार म्हटल्यावर घरची बाई काय करते एवढं माझ्या टाळक्यात येऊ नये. प्रत्येक पाहुणा म्हणतोच की काही करू नका. तेवढ्यावर कुठली बाई स्वस्थ बसते?

शूटिंगच्या तीन दिवस आधी मी माणसं घेऊन गेले. बरोबर आमचे जुने मिस्त्री होते, अण्णांच्या वेळचे. अण्णांच्या हाताखाली त्यांनी बांबू बांधले आणि माझ्या हाताखाली सेट. शहागंजचे राहणारे, बोलणं अस्सल दखनी. मी मधल्या खोलीत पाऊल टाकलं आणि भिंत पिस्ता रंगाची. ऑइल पेंट, चकचकीत, वर गुलाबी पट्टा. उंचीच्या खुणा गेल्या, तेलाचा पट्टा गेला, सगळं गेलं. दारावर स्वागतम्. अख्ख्या खोलीला नव्या रंगाचा वास. मिस्त्री माझ्यामागून आत डोकावले आणि म्हणाले, "बेटा, ये तो दुल्हन का घर बना दिये."

दिग्दर्शक दुसऱ्याच दिवशी यायचा होता. काकू घरी नव्हत्या, बाजाराला कन्नडला गेल्या होत्या. काका अंगणात बसले होते. त्यांना म्हटलं, भिंत परत पहिल्यासारखी करावी लागेल. ते म्हणाले, "रंगाचं तिनं केलं. तुमचं तुम्ही बघा." त्यात होकार नव्हता, हे मला तेव्हाही कळलं होतं. मी तो होकार समजून घेतला.

मिस्त्रींना म्हटलं, करता येईल ना? म्हणाले, "हौ, होता. लेकिन कायकू?" मी चिडले. कायकू म्हणजे काय, सिनेमा आहे. त्यांनी खांदे उडवले आणि पॉलिश पेपर काढला. आमची पद्धत अशी की आधी एक नमुना करून बघायचा, तो जमला की पूर्ण भिंत. स्वयंपाकघराच्या दाराशेजारी एक हात रुंद, दीड हात उंच तुकडा धरला. त्यांनी घासलं आणि मी कोळसा आणि तेल कालवून बोटांनी फासलं, वर चहाचं पाणी सोडलं. अर्ध्या तासात तो तुकडा पन्नास वर्षांचा झाला. खरं सांगते, हात अजून शाबूत आहे बघून मला बरं वाटलं.

तेवढ्यात बाहेर जीप थांबली. काकू दोन पिशव्या आणि एक खोकं घेऊन आत आल्या. खोक्यात दोन डझन कपबशा होत्या, पेंढ्यात गुंडाळलेल्या, पाहुण्यांच्या चहासाठी. खोकं खाली ठेवलं आणि त्यांना तो तुकडा दिसला. आधी त्यांना वाटलं ओल फुटली. जवळ जाऊन बोट लावलं, बोट काळं झालं. मग माझ्या हाताकडं बघितलं.

"तुम्ही केलं व्हय हे?"

"हो काकू. सिनेमात जुनी भिंत लागते."

"जुनी व्हती तवा लाज वाटली म्हणून तर रंगवली. चार दिवस मी अन् माझी जाऊ, दोघी खपलो."

मी म्हटलं, ती जुनीच छान होती. हे वाक्य तोंडातून निघालं आणि माझं मलाच कसंतरी झालं. काकूंनी पदराला बोट पुसलं. आवाज चढवला नाही. फक्त 'तुम्ही'वरून 'तू'वर आल्या.

"पोरी, तुझ्या घरी पाव्हणे यायचे म्हटल्यावर तू भिंतीला काळं फासती का?"

मुंबईत कुणाला गप्प करायला मला वाक्य शोधावं लागलं नाही कधी. इथं मी निर्मात्यासारखी बोलले. म्हटलं, काकू, शूटिंग झालं की मी परत रंगवून देते. नवा रंग, तुम्ही म्हणाल तो. आधीहून चांगला. अण्णांचा नियमच आहे तो, भोकं बुजवून जायचं. मला वाटलं, बोलणं संपलं.

"भिंत देशील गं रंगवून," त्या म्हणाल्या. "शिनेमातली कोण रंगवून देणार? तिथं ती कायम काळीच राहणार. गावातले बघतील, माझ्या माहेरचे बघतील. म्हणतील, सत्तर पाव्हणे आले अन् ह्या बाईनं घरावर हात बी फिरवला नाय."

त्या खोकं उचलून आत गेल्या. मी त्या तुकड्यासमोर उभी राहिले आणि मला माझाच संताप आला. इतकी वर्षं मी गावांवर काजळी फासत आले आणि समजत आले की मी खरं दाखवतेय. त्या काजळीत कुणाची तरी बाई वाईट दिसते, हात न फिरवणारी, गबाळी, हे माझ्या डोक्यात एकदाही आलं नाही. सेट होता, खोटी घरं होती, म्हणून चालून गेलं. पण त्या घरांसारखी खरी घरं होती, आणि त्या घरांतल्या बाया थिएटरात बसून ते बघत होत्या. अंगणातलं भोक मातीनं बुजतं. सिनेमात पाडलेलं भोक कशानं बुजवणार? अण्णांच्या नियमातून मी इतकी वर्षं पळ काढत होते आणि वर त्यांचंच नाव घेत होते. लाज वाटली, आणि ती मी इथं लिहून ठेवते.

मिस्त्रींना म्हटलं, परत रंगवा. त्यांनी विचारलं नाही कायकू. डब्यात तळाशी रंग उरला होता तो पुरेना, म्हणून माणूस कन्नडला पाठवला. त्याच दुकानातून तोच पिस्ता आणला. पण रंगाचं असं असतं की एका डब्याचा रंग दुसऱ्याशी कधी पुरता जुळत नाही. वाळल्यावर तो तुकडा किंचित गडद राहिला, ठिगळासारखा. लांबून कुणाला कळलं नसतं. मला कळत होतं, आणि काकूंनाही.

दुसऱ्या दिवशी दिग्दर्शक आला. मधल्या खोलीत गेला आणि तसाच बाहेर आला.

"माझी भिंत कुठं आहे?"

मी म्हटलं, "तुमची नव्हती. ज्यांची होती त्यांनी रंगवली. पाहुणे येणार म्हणून."

"मग खरवडा. तुमची माणसं आहेत ना? उद्यापर्यंत करा."

"नाही करणार."

त्याला वाटलं मी वेळ मागतेय. मग त्याच्या लक्षात आलं की मी वेळ मागत नव्हते. तो समजावू लागला. म्हणाला, ही गरिबी आहे, तिच्यात एक सौंदर्य आहे, ते तुम्ही पुसून टाकताय. मी म्हटलं, "तुमच्या घरी शूटिंग असतं तर तुमच्या आईनं सोफ्याचं कव्हर बदललं असतं की नाही? मग या बाईनं काय पाप केलं? आपण गोष्ट बदलू. मोठ्या जावेनं घर रंगवलंय, कारण पाहुणे येणारेत. या एका वाक्यानं रंगाखालची तुमची सगळी भिंत परत येते, आणि खरी येते." त्यानं ऐकलं नाही. खोलीकडं हात करून म्हणाला, "हा सेट नाही हो, हा लग्नाचा मांडव झालाय."

इतक्या वर्षांनी तेच वाक्य. मला हसू आलं. मी म्हटलं, "हो, मांडवच आहे. आणि मांडवात पाहुण्यांनी नीट वागायचं असतं."

काकू नव्या कपबशांत चहा घेऊन दारात उभ्या होत्या. तो त्यांच्या बाजूनं निघून गेला, गाडीत बसला आणि गाडी गेली. काकू ट्रेकडं बघत म्हणाल्या, "चहा न घेताच गेले?" बाकी सगळं त्यांना क्षम्य होतं, हे नव्हतं.

संध्याकाळी शेठचा फोन आला. समजूतदारपणे बोलला. म्हणाला, मॅडम, एका भिंतीसाठी पायावर धोंडा पाडून घेऊ नका. हो म्हणा, मी त्याला परत आणतो. खरं सांगते, मोह झाला. माझं वय, माझी वर्षं, आलेली माणसं, अंगणात लावलेली जनरेटरची शेड, सगळं डोळ्यांसमोर उभं होतं. हो म्हणायला एक अक्षर लागतं. मी नाही म्हटलं. तो म्हणाला, मग आपला रामराम. मी म्हटलं, रामराम.

सिनेमा बंद पडला. आलेल्या तीसेक माणसांना काकूंनी चहा दिला, दोन पाळ्यांत, कारण कपबशा चोवीसच. मग आम्ही शेड सोडली आणि मी स्वतः भोकं बुजवायला बसले. काकांनी माती आणून टाकली. अण्णांना फोन करून सगळं सांगितलं. त्यांनी सिनेमाचं काही विचारलं नाही. म्हणाले, "भोकं बुजवली का?" मी म्हटलं, "अंगणातली सगळी. घरातलं एक राहिलंय." ते म्हणाले, "मग परत जावं लागेल."

पुढचं वर्ष मी काय काय केलं ते सांगत बसत नाही. पैसे उभे करणं हा एक वेगळा तमाशा आहे आणि त्यात वाचण्यासारखं काही नाही. मुंबईला बातमी पोचली होती. मांडववालीनं पिस्ता रंगासाठी सिनेमा बुडवला, असं लोक सांगत होते. सांगू देत. मी तर म्हणते रंगाचं नाव तरी बरोबर सांगत होते. या शहरात नाटक शिकवणारी एक मैत्रीण आहे, कॅमेऱ्यामागं कधी उभी राहिली नव्हती. तिला म्हटलं, तू कर दिग्दर्शन. ती म्हणाली, मला येत नाही. मी म्हटलं, ज्यांना येतं ते चहा न घेता जातात. नट इथलेच घेतले. सत्तरांची तीस माणसं झाली, आणि आम्ही पिशोरला परत गेलो.

मधल्या खोलीत गेले तर स्वयंपाकघराच्या दाराशेजारी, बरोबर त्या ठिगळावर, एक कॅलेंडर लटकत होतं. खत-बियाण्यांच्या दुकानाचं, खाली दुकानाचं नाव ठळक, वर देवीचं चित्र. तारखांवर पेनानं खुणा, सिलिंडर कधी लावला, गाय कधी व्यायली. शूटिंगमध्ये कॅलेंडर म्हणजे डोक्याला ताप. दुकानाचं नाव दिसतं, महिना प्रत्येक प्रसंगात सांभाळावा लागतो, खुणा मोजाव्या लागतात. कुठल्याही सेटवर मी आधी कॅलेंडर उतरवते. हात गेलाच माझा खिळ्याकडं.

"राहू दे ते," काकू मागून म्हणाल्या. "त्याच्यामागं तुझं काम हाय."

मी हात खाली घेतला. दुकानाचं नाव तेवढं कागदानं झाकलं, आणि सबंध शूटिंगभर त्या कॅलेंडरचा महिना मी स्वतः सांभाळला. कुणाला हात लावू दिला नाही. पहाटे चहाच्या आधी जाऊन बघत असे, महिना बरोबर आहे ना, टोक उडालं नाही ना. मिस्त्री एकदा म्हणाले, "बेटा, हीरो से ज्यादा इसका खयाल रखते." मी म्हटलं, हौ.

सिनेमा झाला. लहानच झाला. झलक बाहेर पडली तेव्हा त्या दिग्दर्शकाचा फोन आला. माणूस वाईट नव्हता, हट्टी होता. म्हणाला, रंग मला पटला नाही, पण ते कॅलेंडर अप्रतिम आहे, काय बारकाई आहे, कुणाचं डोकं? मी म्हटलं, "तुम्ही चहा घेतला असता तर कळलं असतं." त्याला काही समजलं नाही. मी समजावलंही नाही.

पहिल्या खेळाला काकू जीपभर माणसं घेऊन शहरात आल्या. जाऊ, पोरं, सुना, माहेरचे दोघं. मी त्यांना माझ्या उजवीकडं बसवलं. डावीकडं अण्णा, काठी दोन गुडघ्यांमधे धरून, त्यांना आता ऐकू कमी येतं. तिसऱ्या प्रसंगात मधली खोली आली, अख्खी, पडदाभर. पिस्ता भिंत, गुलाबी पट्टा, एक डाग नाही, आणि स्वयंपाकघराच्या दाराशी कॅलेंडर. मोठी जाऊ पाहुण्यांसाठी चहा गाळत होती. मागच्या रांगेतून काकूंच्या जावेचा आवाज आला, "अगं, आपली भिंत." कुणीतरी तिला गप्प केलं.

काकूंनी मला कोपर मारलं आणि हळूच विचारलं, "झाकलं का नाय नीट?"

मी म्हटलं, "झाकलं, काकू."

अण्णा माझ्याकडं वाकले. "काय म्हणती ती?"

मी त्यांच्या कानाशी तोंड नेलं. म्हटलं, "काही नाही अण्णा. ते राहिलेलं एक भोक होतं ना, ते बुजलं."

"कुणी बुजवलं?"

मी काकूंकडं बोट केलं. त्यांचं आमच्याकडं लक्ष नव्हतं, त्या आपली भिंत बघत होत्या.